आधी तुमचं होऊ द्या

जेम्स फिनलेसनच्या हातात बागेतली झुडपं छाटायची मोठी कात्री आहे. दारात दोन फेरीवाले उभे आहेत, एक जाडा आणि एक रडका, आणि लॉस एंजेलिसच्या लख्ख उन्हात ते नाताळचं झाड विकायला आलेले आहेत. त्याने ‘नको’ म्हणून दार लावलं, तर झाडाची फांदी दारात अडकली. फांदी सोडवायला त्यांनी घंटा वाजवली. मग कोट अडकला, पुन्हा घंटा. आता फिनलेसन काही बोलत नाही. कात्री उघडतो आणि झाडाचे तुकडे पाडतो.

खरी गंमत त्याच्या पुढची आहे. दोघांपैकी एकही जण त्याचा हात धरत नाही. आपला माल डोळ्यांदेखत कापला जातोय आणि हे दोघे पाहताहेत, तेही थोड्याशा कुतूहलाने. त्याचं काम आटोपतं. मग हे दोघे एकमेकांकडे पाहतात, काहीतरी मनाशी ठरतं, आणि खिशातला चाकू निघतो. दाराच्या चौकटीची खरडपट्टी सुरू होते. आता पाहत उभं राहायची पाळी फिनलेसनची. तोही अडवत नाही. भुवई वर, एक डोळा बारीक, मिशी किंचित वाकडी, अशा थाटात तो आपल्या घराचं वाटोळं नीट निरखून पाहतो आणि मगच उत्तराला लागतो.

चित्रपटाचं नाव ‘बिग बिझनेस’. साल १९२९. लांबी दोन रिळं, म्हणजे वीस मिनिटांच्या आत सगळा खेळ खलास. तेवढ्या वेळात एक घर आणि एक मोटार यांची रीतसर, क्रमाक्रमाने विल्हेवाट लागते. फिनलेसन पोलिसांना फोन लावतो, तर हे त्याची तार कापतात. तो गाडीचा दिवा उपटतो, हे खिडकीतून फुलदाण्या बाहेर फेकतात आणि अंगणात फावड्याने टोलवतात. घरातला पियानो हिरवळीवर येतो आणि त्यावर कुऱ्हाड चालते. इतकं होऊनही फिनलेसनला घर वाचवावंसं वाटत नाही आणि या दोघांना गाडीत बसून पळून जावंसं वाटत नाही. प्रत्येकाचं लक्ष फक्त समोरच्याच्या मालमत्तेवर. आपली तुटते ती तुटू दे.

शेजारीपाजारी जमतात. ही गर्दी या चित्रपटातली सगळ्यात शिस्तीची मंडळी. घर मोडायला लागलं की सगळे घराकडे सरकतात, गाडीची पाळी आली की गाडीकडे. कुणी मध्ये पडत नाही, कुणी ओरडत नाही. एक पोलीसही येतो. टायनी सँडफोर्ड नावाचा धिप्पाड नट. तो गाडीत बसल्या बसल्या वही काढतो आणि टिपणं घेऊ लागतो. एकेक वस्तू मोडते, एकेक ओळ वहीत वाढते. पंचनामा आधी आणि गुन्हा थांबवणं नंतर, हा क्रम पाहून आपल्याकडचा प्रेक्षक जरा जास्तच हसतो.

हा चित्रपट निर्माण करणारा हॅल रोच पुढे म्हातारपणी एक किस्सा रंगवून सांगे. चित्रीकरणासाठी एक घर मोबदला देऊन ठरवलं होतं, पण मंडळी चुकून शेजारच्या घरात शिरली आणि मालक परत येईपर्यंत तेच घर फोडून मोकळी झाली, असा. जाणकार या गोष्टीवर विश्वास ठेवत नाहीत. रोच शंभर वर्षं जगला, १८९२ ते १९९२. इतकं आयुष्य लाभल्यावर किस्से आपोआपच वाढीला लागतात आणि खोडून काढायला समवयस्क कुणी उरलेलं नसतं.

मूकपटातला विनोद म्हटला की बहुतेकांच्या डोळ्यांसमोर येते ती पळापळ. टोप्या उडताहेत, पोलिसांची तुकडी एका गाडीला लोंबकळते आहे, माणसं टुणटुण चालताहेत. ही सगळी मॅक सेनेटच्या कीस्टोन कंपनीची देणगी. १९१२ मध्ये सुरू झालेल्या त्या कारखान्यात विनोद म्हणजे वेग, असं साधं समीकरण होतं. प्रेक्षकाला श्वास घ्यायला वेळ मिळाला तर तो विचार करेल, आणि विचार केला तर हसणार नाही, अशी धास्ती. चॅप्लिन तिथूनच वर आला आणि पहिल्या वर्षातच त्या धावपळीला कंटाळला.

मात्र मूकपटाची शेवटची तीन-चार वर्षं, साधारण १९२६ ते १९२९, हा काळ वेगळा आहे. मोठी नावं तोवर छोट्या चित्रपटांतून बाहेर पडली होती. चॅप्लिन, कीटन, लॉइड सगळे पूर्ण लांबीच्या चित्रपटांकडे वळले होते. दोन रिळांचा छोटा विनोदी चित्रपट म्हणजे मुख्य चित्रपटाआधी दाखवायची तोंडी लावण्याची वस्तू. एका रिळात साधारण हजार फूट फिल्म, एका फुटात सोळा चौकटी. दोन रिळं म्हणजे बत्तीस हजार चित्रं, आणि दर काही आठवड्यांनी नवा चित्रपट तयार हवा. समीक्षक तिकडे फिरकत नसत. कुणाचं फारसं लक्ष नाही अशा ठिकाणी कधी कधी कामं चांगली होतात. कल्व्हर सिटीतल्या हॅल रोचच्या स्टुडिओत तसंच झालं.

तिथे लिओ मॅक्कॅरी नावाचा तरुण होता. वकिलीत त्याचं काही जमलं नव्हतं, ते बरंच झालं म्हणायचं. देखरेख, गोष्ट, दिग्दर्शन, जे पडेल ते तो करी. त्याच्या लक्षात आलं की माणूस पडल्यावर लोक हसतात हे खरं, पण पडल्यावर तो उठून बसतो, टोपी झटकतो आणि आपल्याला कुणी पाहिलं तर नाही ना हे बघतो, तेव्हा जास्त हसतात. म्हणजे पडणं अर्ध्या क्षणात उरकायचं आणि त्यानंतरचा चेहरा लांबवायचा. आज हे सोपं वाटतं. त्या काळात, जिथे चार सेकंद काही घडलं नाही तर कात्री चाले, तिथे ते धाडसाचं होतं.

‘तू एक मारलीस, आता माझी पाळी’ या धर्तीच्या भांडणाचं मूळ मॅक्कॅरी एका खऱ्या संध्याकाळपर्यंत नेई. न्यूयॉर्कमध्ये रोच, चार्ली चेस, नटी मेबल नॉर्मंड अशी मंडळी मौजेला बाहेर पडलेली. मॅक्कॅरीला त्याचा बो-टाय बांधता येईना. महत्प्रयासाने बांधून झाला, तर कुणीतरी येऊन तो सोडला. त्यावर दुसऱ्या कुणाचा तरी टाय सुटला. मग कॉलर, मग कोट. सभ्य पोशाखातली माणसं एकमेकांच्या अंगावरचे कपडे शांतपणे फाडताहेत, हे दृश्य त्याच्या डोक्यात घर करून बसलं. सांगताना त्यानेही थोडं तिखटमीठ लावलं असेल. पण १९२८ च्या ‘यू आर डार्न टूटिन’मध्ये भर रस्त्यात माणसं एकमेकांच्या नडग्यांवर लाथा मारतात आणि पँटी ओढून काढतात, त्या प्रसंगाचं कूळ इथलंच.

मात्र अशा भांडणाला दोन पक्ष लागतात, आणि दोघांनाही स्वतःच्या प्रतिष्ठेची भलतीच काळजी असावी लागते. तशी माणसं रोचच्या पगारपत्रकावर आधीच होती. ‘बिग बिझनेस’मधले ते दोघे फेरीवालेच ती. फक्त त्यांची जोडी जमेल हे कुणाच्या ध्यानात आलं नव्हतं.

स्टॅन लॉरेल इंग्लंडच्या अल्व्हर्स्टनचा, जन्म १८९०. फ्रेड कार्नोच्या मंडळीत असताना तो चॅप्लिनबरोबरच १९१० मध्ये अमेरिकेला आला. चॅप्लिन जगप्रसिद्ध झाला आणि लॉरेल वर्षानुवर्षं धडपडत राहिला. त्याचे सुरुवातीचे चित्रपट पाहिले तर कारण कळतं. तो फार धावतो, फार उड्या मारतो, फार आगाऊ दिसतो. ऑलिव्हर हार्डी जॉर्जिया राज्यातल्या हार्लेम गावचा, १८९२ चा. मिलेजव्हिल इथल्या थिएटरात यंत्र चालवणं, झाडलोट, तिकिटं असं सगळं करता करता रोज पडद्यावरचे विनोदी नट पाहून त्याला वाटलं की यांच्याइतकं वाईट तर आपणही करू शकू. त्या बळावर तो सिनेमात गेला आणि बारा वर्षं खलनायकाच्या मिशा लावत फिरला. दोघे १९२१ च्या आसपास ‘द लकी डॉग’मध्ये एकदा समोरासमोर आले होते, पण जोडी म्हणून नव्हे.

१९२६ मध्ये हार्डीने घरी मटणाची तंगडी भाजताना हात पोळून घेतला. तेव्हा लॉरेल पडद्याआड होता, विनोद लिहीत आणि दिग्दर्शन करत, आणि तिथेच सुखात होता. हार्डीची भूमिका करायला माणूस हवा म्हणून नाइलाजाने तो कॅमेऱ्यासमोर आला. हार्डी बरा झाला, लॉरेल पडद्यावर टिकला, आणि पुढच्या वर्षभरात दोघे एकाच चौकटीत दिसायला लागले. लॉरेलचे ते उभे केसही असेच आले. ‘द सेकंड हंड्रेड इयर्स’मध्ये कैद्याच्या भूमिकेसाठी डोकं भादरलं होतं. केस वाढताना ते काही केल्या बसेनात आणि लोक त्याला बघूनच हसायला लागले.

महाराष्ट्रात ही जोडी जाड्या-रड्या म्हणून ओळखली जाते, आणि त्यातल्या रड्याचं रडणं सगळ्यांना पाठ आहे. आधी ओठ ताणले जातात, मग डोळे मिटतात, मग पाच वर्षांच्या पोराचा चेहरा होतो. स्वतः लॉरेलला म्हणे ते रडणं आवडत नसे. पण त्याची खरी कमाल रडण्याच्या आधी आहे. त्याच्या डोक्यात विचार शिरतो आणि हळूहळू सगळीकडे पसरतो, ते दिसतं. हार्डीने डोक्यावर टोपी घातली, ती आपली नाही, हे लॉरेलच्या लक्षात यायला जो वेळ लागतो त्या वेळात सेनेटच्या पोलिसांनी अख्खं गाव पालथं घातलं असतं.

हार्डीचं हत्यार याहून नाजूक. तो कॅमेऱ्याकडे पाहतो. चिखलात बसलेला, डोक्यावरून पाणी ओघळतंय, आणि तो मान वळवून सरळ प्रेक्षकांकडे बघतो. तक्रार नाही, विनवणी नाही. ‘बघितलंत ना? हे असं माझ्या नशिबी,’ एवढंच. नाटकात नट प्रेक्षकांशी बोलतो हे मराठी माणसाला नवं नाही. तमाशातला सोंगाड्या तर गोष्ट अर्धी सोडून समोर बसलेल्यांशी गप्पा मारतो. हार्डी शब्दाशिवाय ते करतो आणि करताना त्याची सभ्यता सुटत नाही. टायचं टोक बोटांनी हलवत लाजणारा तो अगडबंब माणूस मनाने एक खानदानी गृहस्थ आहे. जग त्याला ते राहू देत नाही.

केक-फेकीचं उदाहरण घ्यायलाच हवं, कारण तिथे तर वेगाशिवाय चालणारच नाही असं वाटतं. तोंडावर क्रीम-पाय फेकून मारणं हा प्रकार १९२७ पर्यंत इतका शिळा झाला होता की स्टुडिओत त्याचं नाव काढलं तरी लोक तोंड फिरवत. लॉरेलचं म्हणणं पडलं की मग अशी फेकाफेकी करू की पुन्हा कुणी त्या वाटेला जाणार नाही, पण प्रत्येक पाय कारणाने फेकला गेला पाहिजे. चित्रपटाचं नाव ‘द बॅटल ऑफ द सेंच्युरी’, दिग्दर्शक क्लाइड ब्रुकमन, प्रदर्शन १९२७ च्या वर्षअखेरीस. सुमारे तीन हजार क्रीम-पाय खर्ची पडल्याचं सांगतात.

नाव त्या वर्षीच्या एका मुष्टियुद्धावरून सुचलेलं. सप्टेंबरमध्ये शिकागोत जॅक डेम्प्सी आणि जीन टनी यांची विश्वविजेतेपदाची लढत झाली. डेम्प्सीने टनीला खाली पाडलं, पण नियमाप्रमाणे लांबच्या कोपऱ्यात जायला तो विसरला. तो तिथे जाईपर्यंत पंचाने आकडे मोजायला सुरुवातच केली नाही. टनीला काही जादा सेकंद मिळाले, तो उठला आणि जिंकला. डेम्प्सीचं विश्वविजेतेपद एका थांबण्यावरून हुकलं. रोचच्या माणसांना हे सोन्यासारखं सापडलं असणार. चित्रपटाच्या पहिल्या रिळात मुष्टियोद्धा लॉरेल नशिबाने एका राक्षसाला पाडतो आणि नंतर, डेम्प्सीसारखाच, कोपऱ्यात जायचं नाव घेत नाही.

दुसऱ्या रिळात हार्डी लॉरेलचा अपघात-विमा उतरवतो आणि त्याला पाडण्यासाठी रस्त्यात केळ्याची साल टाकतो. घसरतो तो क्रीम-पाय पोहोचवणारा चार्ली हॉल. तो उठतो, कारस्थान ओळखतो, आणि एक क्रीम-पाय हार्डीच्या तोंडावर मारतो. हार्डी चेहरा पुसतो, उत्तर देतो, नेम चुकतो, तो भलत्याच व्यक्तीला लागतो. ती व्यक्ती, आधी स्वतःचा अपमान पुरता पचवून, मग रागाने गाडीजवळ येऊन आपला क्रीम-पाय उचलते. गाडी भरलेली आहे आणि कुणी कुणाला उचलायला मना करत नाही. पंगतीत आग्रह चालावा तसं चाललंय. दाताच्या डॉक्टरकडे तोंड उघडून बसलेल्या माणसालाही त्याचा वाटा घरपोच मिळतो.

या धुमाळीत सगळ्यात मोठा हशा घेऊन जाते ती ॲनिटा गार्विन, आणि तिने एकही क्रीम-पाय फेकलेला नाही. तिचं काम काही सेकंदांचं. फॅशनेबल कपड्यातली ती बाई कोपऱ्यावरून वळते, पडलेल्या क्रीम-पायवर घसरते आणि त्यावरच बसते. नेमकं काय झालंय हे तिला कळत नाही. कळतं तेव्हा ते कबूल करणं तिच्या इभ्रतीत बसत नाही. ती उठते, कुणाकडेही न बघता चालू लागते आणि चालता चालता, अगदी हलकेच, एक पाय झटकते. अमेरिकी लेखक हेन्री मिलर याने हा चित्रपट आजवरचा सर्वश्रेष्ठ विनोदी चित्रपट ठरवला होता. अतिशयोक्ती असेल, पण त्या पाय झटकण्यापुरती ती माफ करावी.

हे दुसरं रीळ अनेक दशकं अपुरंच होतं. रॉबर्ट यंगसन याने १९५७ मध्ये ‘द गोल्डन एज ऑफ कॉमेडी’ या संकलनासाठी त्यातला काही भाग घेतला होता, तेवढाच लोकांना पाहायला मिळे. बाकी मूळ नायट्रेट फिल्म कुजून गेलेली. २०१५ मध्ये जॉन मर्सालिस या संग्राहकाला आपल्याकडच्या डब्यांमध्ये त्या रिळाची १६ मिलिमीटरची प्रत सापडली. ती आधी दुसऱ्या एका संग्राहकाकडे होती आणि त्याआधी यंगसनकडे. पूर्ण रीळ पाहिल्यावर एक गोष्ट उघड झाली. संकलनातल्या तुकड्यात नुसता दंगा वाटत होता. मूळ चित्रपटात दंग्यापर्यंत पोहोचायला चांगला वेळ घेतला आहे. पहिल्या चार-पाच जणांना निवांत अपमानित करून मगच रस्ता पेटवला आहे.

रोचच्या कारखान्यातल्या इतर मंडळींनाही याच मुरंब्यात मुरवलेलं होतं. चार्ली चेस आज फारसा कुणाला आठवत नाही, हे त्याचं दुर्दैव आणि आपलं नुकसान. देखणा, उंच, बारीक मिशीचा, कुठल्याही कचेरीत बसलेला सापडेल असा हा माणूस. १९२६ च्या ‘मायटी लाइक अ मूस’मध्ये त्याचे दात पुढे आहेत आणि बायकोचं नाक प्रचंड. दोघेही एकमेकांपासून चोरून शस्त्रक्रिया करून घेतात. मग बाहेर भेटतात, ओळखत नाहीत, आणि प्रेमात पडतात. आपण बायकोला फसवतोय या भीतीने तो अर्धमेला झालेला, आणि ज्या बाईबरोबर फसवतोय ती तीच. शेवटी तिला धडा शिकवायला तो नवरा आणि प्रियकर यांची मारामारी एकटाच करून दाखवतो. खोटे दात लावले की नवरा, काढले की प्रियकर. दिग्दर्शक अर्थातच मॅक्कॅरी. इतकी गुंतागुंत, आणि मध्ये मध्ये येणाऱ्या पाट्या अगदी थोड्या.

त्याहून पुढची पायरी म्हणजे १९२८ चा ‘पास द ग्रेव्ही’. मॅक्स डेव्हिडसन हा बर्लिनमध्ये जन्मलेला नट त्यात आहे. त्याची ज्यू माणसाची ठरीव सोंगं आज पाहताना अनेकदा खटकतात, पण हा चित्रपट त्यांतून सुटून गेला आहे. त्याच्या शेजाऱ्याचा एक कोंबडा आहे, ब्रिगहॅम नावाचा, प्रदर्शनात पहिलं बक्षीस मिळवलेला. डेव्हिडसनची मुलगी आणि शेजाऱ्याचा मुलगा यांचं जुळलं आहे, म्हणून दोन्ही घरं भांडण मिटवून एकत्र जेवायला बसणार आहेत. डेव्हिडसन पोराला कोंबडी आणायला पैसे देतो. पोरगं पैसे खिशात घालतं आणि ब्रिगहॅमलाच कापतं. भाजलेला पक्षी टेबलावर येतो. त्याच्या तंगडीला पहिल्या बक्षिसाची चिठ्ठी तशीच बांधलेली आहे.

मुलांना कळतं. शेजाऱ्याला अजून कळलेलं नाही. डेव्हिडसनलाही नाही, आणि तो चवीने खातो आहे. आता पोरांनी बापाला सांगायचं कसं? शेजारी समोर बसलेला. बोलता येत नाही. मग ती खाणाखुणा सुरू करतात. शेजाऱ्याची पाठ वळली की कोंबड्यासारखे पंख फडफडवून दाखवतात, मान कापल्याची खूण करतात, मरून पडून दाखवतात. बाप हसतो. त्याला वाटतं, पोरं आनंदात आहेत. आणखी खातो.

वास्तविक हे मूकपट आहेत. इथे कुणाचाच आवाज येत नाही. सगळेच तोंड हलवतात आणि आपण गप्प बसून बघतो. तरीही या जेवणात कुणी बोलायला नको याचं दडपण प्रेक्षकाच्या छातीवर येतं. एका मूकपटाच्या आत दुसरा मूकपट लावला आहे आणि त्याचा एकुलता एक प्रेक्षक ढिम्म आहे. बोलपटात हा प्रसंग करता येईल, अनेकांनी असे प्रसंग केलेही. पण तिथे खाणाखुणा हा अपवाद असतो. इथे तीच सगळ्यांची भाषा आहे आणि नेमक्या एका माणसाला ती येत नाही.

या चित्रपटांवर एक अन्याय यंत्रांनी केला. हाताने फिरवलेल्या कॅमेऱ्यावर कमी वेगाने घेतलेले जुने मूकपट पुढे बोलपटाच्या यंत्रावर, सेकंदाला चोवीस चौकटींनी, दाखवले गेले आणि सगळी माणसं भुंग्यासारखी भिरभिरू लागली. दूरचित्रवाणीच्या पिढ्यांनी तेच पाहिलं आणि तोच मूकपट समजला. विनोदी चित्रपटांत काही दृश्यं मुद्दाम थोडी जलद घेतलेली असत हे खरं. पण ज्या कलावंतांनी जीव ओतून एकेक सेकंद वाढवला, त्यांचा विनोद घाईत दाखवणं म्हणजे विलंबित ख्यालाची तबकडी दुप्पट वेगाने लावणं.

मुंबईच्या चित्रपटगृहांत त्या काळी परदेशी, आणि त्यातही अमेरिकी, चित्रपटांचाच भरणा असे. इथल्या मूकपटांच्या पाट्या दोन-तीन भाषांत लिहिलेल्या असत, आणि ज्यांना कुठलीच लिपी येत नसे त्यांना शेजारचा वाचून दाखवी. जाड्या-रड्याला त्याचीही फारशी गरज नव्हती. त्या जोडीची छाया इथे लगेच पडली. मूळचे सिन्नरचे मनोहर दीक्षित अंगाने भरलेले, मुंबईचे घोरी सडसडीत. रणजीत कंपनीत दिग्दर्शक जयंत देसाईंनी दोघांना एकत्र आणलं, १९३२ च्या ‘चार चक्रम’ या मूकपटात. तोवर बोलपट येऊन वर्ष झालं होतं, म्हणजे आपले लॉरेल-हार्डी मुळात उशिराच निघाले. पुढे बोलपटांतून दीक्षित-घोरी ही जोडी चांगलीच गाजली. आपल्या मूकपटांतले मोजकेच आज शिल्लक आहेत. त्यामुळे दीक्षित किती थांबत आणि घोरी त्यांच्याकडे कसं बघत, हे पडद्यावर पडताळून पाहायला फारसा वाव उरलेला नाही.

हॉलिवूडमध्ये आवाज आला तो १९२७ मध्ये, रोचच्या स्टुडिओत पोहोचला १९२९ मध्ये. लॉरेल-हार्डींचा पहिला बोलपट ‘अनअकस्टम्ड ॲज वी आर’ त्या वर्षी मे महिन्यात आला. गंमत म्हणजे आधीच तयार असलेले मूकपट त्यानंतरही प्रदर्शित होत राहिले. शेवटचा, ‘अँगोरा लव्ह’, वर्षाच्या अखेरीस. म्हणजे एकाच वर्षात हे दोघे एका गावात बोलत होते आणि दुसऱ्या गावात मुके होते. आवाज दोघांनाही फळला. लॉरेलचा इंग्रजी उच्चार आणि हार्डीची दक्षिणी अदब त्यांच्या शरीरांना शोभून दिसली. चार्ली चेस गाऊ लागला. मॅक्कॅरीने पुढे ऑस्कर मिळवले. तेव्हा बोलपटाने यांचा घात केला, हे रडगाणं इथे लागू पडत नाही.

एक अडचण मात्र आली. मूकपटात प्रेक्षक वाटेल तितका वेळ हसू शकत होता, कारण पडद्यावर ऐकायचं काही नव्हतं. बोलपटात हशा लांबला तर पुढचं वाक्य बुडणार. म्हणून आता मोजून जागा ठेवायला लागल्या. इथे लोक इतके सेकंद हसतील, तोवर हार्डी कॅमेऱ्याकडे बघत राहील. त्या काळच्या भरल्या थिएटरात हा हिशेब चपखल बसे. आज रात्री घरी एकट्याने मोबाइलवर तोच बोलपट पाहताना हार्डी उगाचच थांबलेला दिसतो, आपण हसून मोकळे होण्याची वाट बघत. मूकपटातलं थांबणं तसं अवघडत नाही. तिथे तो स्वतःच्या नशिबासाठी थांबलेला असतो.

लॉरेल-हार्डींचा एक मूकपट अजूनही बेपत्ता आहे. ‘हॅट्स ऑफ’, १९२७ च्या उत्तरार्धातला. दोघे कपडे धुण्याचं यंत्र विकायला निघतात आणि ते लॉस एंजेलिसच्या सिल्व्हर लेक भागातल्या एका लांबलचक जिन्यावरून वर न्यावं लागतं. पाच वर्षांनी त्यांनी त्याच जिन्यावर यंत्राऐवजी पियानो चढवला, ‘द म्युझिक बॉक्स’ या बोलपटात, आणि त्याला छोट्या विनोदी चित्रपटाचं ऑस्कर मिळालं. जिना आजही आहे. चाहते शेकडो मैलांवरून येऊन त्या १३३ पायऱ्या चढतात आणि धापा टाकत फोटो काढतात.

‘हॅट्स ऑफ’ची काही छायाचित्रं उरली आहेत. शेवटी सगळा रस्ता एकमेकांच्या टोप्या उडवतोय, सभ्य माणसं बोडक्या डोक्याने उभी आहेत, जमिनीवर टोप्यांचा खच पडलाय. छायाचित्रं सुरेख, स्पष्ट आहेत. कोण कुठे उभा होता, कुणाची टोपी कुठल्या घाटाची होती, सगळं दिसतं. पहिली टोपी खाली पडल्यावर हार्डी तिच्याकडे किती वेळ बघत राहिला, दोन सेकंद की चार, एवढं तेवढं त्यांतून कळत नाही. ते रीळ कुणाच्या तरी डब्यात चुकीच्या नावाने पडून असेल या आशेवर संग्राहक आजही जुने डबे उघडून पाहत असतात.